'आवतण' हा अपभ्रंश नाही

प्रति,
संपादक महोदय,
सप्रेम नमस्कार.

मध्यंतरी तुमच्या रविवारच्या पुरवणीत ग्रामीण शब्दांची एक छोटी चौकट आली होती. त्यात 'आवतण' या शब्दापुढं 'आमंत्रण या शब्दाचा ग्रामीण अपभ्रंश' एवढंच छापलं होतं आणि खाली उदाहरण म्हणून 'संकटाला आवतण'. बास. त्यावर लिहायचं तेव्हापासून डोक्यात होतं, कारण एक तर तो अपभ्रंश नाही, आणि दुसरं म्हणजे या शब्दाचा संकटाशी मुळात काही संबंधच नाही, त्याचा संबंध जेवणाशी आहे.

हल्ली हा शब्द छापील मराठीत दिसतो तो हेडिंगमधेच. तुंबलेली गटारं म्हणजे डेंग्यूला आवतण, उघडी डीपी म्हणजे अपघाताला आवतण, अमुक निर्णय म्हणजे महागाईला आवतण. शहरातल्या विशीतल्या पोरांना विचारा, त्यांना वाटतं आवतण म्हणजे काहीतरी वाईट ओढवून घेणं. त्यांचा दोष नाही, त्यांनी तो शब्द दुसऱ्या कुठल्या वाक्यात ऐकलेलाच नाही. पंगतीला बोलवायचा शब्द नुसत्या रोगराईच्या बातम्यांपुरता उरावा हे मला खरंच लागतं.

आमच्या माण-खटाव भागात जुन्या माणसांच्या बोलण्यात या शब्दाला अगदी ठरलेली जागा होती. सभेचं निमंत्रण यायचं, लग्नाची अक्षत यायची, हळदीकुंकवाचं बोलावणं यायचं, माहेराहून लेकीला न्यायला मूळ यायचं (आणि ते घेऊन येणारा तो मुऱ्हाळी), आणि जेवणाचं यायचं ते आवतण. लग्नाचं आवतण असं कुणी म्हणालं तरी डोळ्यासमोर मांडव यायचा नाही, पंगत यायची. नुसतं 'आज आवतण हाय' म्हटलं की घरातल्या बाईला कळायचं, आज कुणाकुणाच्या भाकरी टाकायच्या नाहीत.

आवतण सांगायची पण रीत होती. ज्याच्या घरी कार्य आहे तो स्वतः गावभर हिंडायचा नाही, ते काम गावानं नेमून दिलेल्या माणसाचं, कुठं न्हावी, कुठं गुरव, कुठं आणखी कुणी, गावागावाचा रिवाज वेगळा. तो दारात यायचा, सहसा उंबरा ओलांडायचा नाही, बाहेरूनच आवाज द्यायचा, "उद्या दुपारचं आवतण हाय वं, चूलबंद!" आतून कुणीतरी विचारायचं कुणाकडचं, मग तो कुणाच्या घरचं, बारशाचं का जागरणाचं का आणखी कशाचं ते सांगायचा, आतून "बरं हाय" यायचं आणि तो पुढच्या दाराला. यात सगळ्यात महत्त्वाचा शब्द शेवटचा. चूलबंद म्हणजे घरातल्या सगळ्यांनी यायचं, पोराबाळांसकट, आलागेला पाहुणा असेल तर त्याच्यासकट, त्या वेळेला त्या घरात चूल पेटायची नाही. आणि चूलबंद नसेल तर 'घरटी एक', म्हणजे उंबऱ्यामागं एक माणूस. एका शब्दात हिशोब पक्का, किती पायली धान्य दळायचं ते त्यावर ठरायचं, आणि सांगणाऱ्यानं चुकून घरटी एकच्या जागी चूलबंद सांगितलं तर काय गोंधळ होईल हे वेगळं सांगायला नको. शिवाय हे सकाळचं किंवा आदल्या दिवशीचं सांगणं पुरायचं नाही, स्वयंपाक झाल्यावर परत एक हाक यायची, ताटं केलीत चला म्हणून, आणि ती हाक आल्याशिवाय मानी माणूस घरातनं हलायचा नाही. आता व्हॉट्सॲपवर कार्ड येतं, हॉलचं लोकेशन येतं, सहकुटुंब सहपरिवार असतंच, पण कितीजण येणार ते ना बोलावणाऱ्याला ठाऊक ना जाणाऱ्याला.

आता शब्द आला कुठून ते. पुरवणीतल्या चौकटीत निदान आमंत्रणाशी नातं तरी जोडलं होतं ते बरोबर आहे, पण नातं कसलं आहे ते चुकलं. आमंत्रण नीट म्हणता येईना म्हणून खेड्यातल्या माणसानं त्याचं आवतण केलं, असं काही झालेलं नाही. संस्कृतातला 'आमन्त्रण' प्राकृतात 'आमंतण' झाला, त्याचा पुढं 'आवंतण', मग 'आंवतण', आणि आजचा आवतण. ही वाट आख्ख्या मराठीची आहे, एकट्या या शब्दाची नाही. दोन स्वरांच्या मधे सापडलेला संस्कृत म मराठीत येताना व होतो, तो आधी नाकातून उच्चारला जायचा, पुढं नुसता व राहिला. ग्रामचं गाव, नामचं नाव, आमलकाचा आवळा, श्यामलचा सावळा, गोस्वामीचा गोसावी, जामातृचा जावई, सगळे याच वाटेनं आलेत. सीमाची शीव झाली, गावाची शीव आपण म्हणतो ती, आणि मुंबईतलं शीव स्टेशन पण तेच, मुंबई बेट संपून उत्तरेचं साष्टी बेट सुरू व्हायचं ती हद्द. पाचवा, सातवा, आठवा यातला 'वा' सुद्धा पञ्चम, सप्तम, अष्टम यातला म आहे. शाळेत पाचवीत का सातवीत विचारलं की पोरगं जे उत्तर देतं त्यात हा नियम बसलेला असतो!

दुसरा भाग 'न्त्र'चा. तोही तसाच सरळ आहे. त्र चा त होतो, रात्रीची रात, सूत्राचं सूत, क्षेत्राचं शेत. आणि त्याआधी न असला की तो आधीच्या स्वरात मुरतो, अन्त्रचं आतडं झालं तसं. यातलं मला सगळ्यात आवडणारं उदाहरण म्हणजे जातं, आपलं दळायचं दगडी जातं. तो शब्द म्हणजे 'यन्त्र'. सुरवातीच्या य चा ज झाला आणि न्त्र चा त. घरातलं पहिलं यंत्र म्हणजे जातं, आणि त्याचं नाव पण यंत्रच, हे मला कळलं तेव्हा मी कितीतरी वेळ तेच घोळवत बसलो होतो. तर ज्या नियमानं यंत्राचं जातं झालं त्याच नियमानं आमंत्रणाचं आवतण झालं. मग जातं या शब्दापुढं कुणी 'यंत्रचा ग्रामीण अपभ्रंश' असं छापत नाही, गाव पुढं 'ग्रामचा अपभ्रंश' छापत नाही, आवतणानंच काय घोडं मारलंय?

खरं तर उलटं आहे. मराठी माणसाच्या तोंडी पिढ्यान् पिढ्या चालत आलेला शब्द आवतण आहे आणि आमंत्रण हा पुढं संस्कृतातून जसाच्या तसा परत उचललेला शब्द आहे. जसं गाव घरातलं आणि ग्राम पंचायतीच्या पाटीवरचं. त्यात आमंत्रण वाईट आहे असं मी अजिबात म्हणत नाही, तोही आता आपलाच झालाय, पण थोरला कोण हे विचाराल तर मराठीच्या घरात आवतण थोरलं.

अपभ्रंश या शब्दाबद्दल पण एक सांगायला पाहिजे. पतंजलीनं महाभाष्यात, म्हणजे संस्कृत व्याकरणावरच्या आपल्या ग्रंथात, म्हटलंय की एकेका शब्दाचे कितीतरी अपभ्रंश असतात, आणि उदाहरण दिलंय 'गौः' या शब्दाचं, त्याचे अपभ्रंश म्हणजे गावी, गोणी, गोता, गोपोतलिका. हे इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातलं. यातली 'गावी' आपल्या गायीच्या किती जवळ आहे बघा, म्हणजे ज्याला पंडितांनी बिघडलेला शब्द म्हटलं तोच पुढं लोकांच्या तोंडी टिकला. आणि पुढं अपभ्रंश हे तर एका भाषेचंच नाव झालं, तिच्यात काव्यं झाली, तिला व्याकरण मिळालं. बाराव्या शतकात गुजरातेत हेमचंद्रानं प्राकृताचं व्याकरण लिहिलं त्यात अपभ्रंशाच्या भागात चक्क सूत्र आहे, 'मोऽनुनासिको वो वा', म्हणजे म चा नाकातला व विकल्पानं होतो, आणि उदाहरणं कमळाची आणि भ्रमराची, कमलु नाहीतर कवँलु, भमरु नाहीतर भवँरु. म्हणजे आवतणाच्या पोटातला जो बदल आपण गावठी समजतो तो आठ-नऊशे वर्षांपूर्वी व्याकरणात नियम म्हणून नोंदलेला आहे. तुमच्या चौकटीतल्या 'अपभ्रंश'ला हा अर्थ अपेक्षित असता तर माझी काही तक्रारच नव्हती, पण तिथं अर्थ 'बिघडलेलं रूप' एवढाच होता हे वाचताना कळत होतं.

एकानं मला असं पण सांगितलं की आवतण हा हिंदी 'आओ' वरून आलाय, या या म्हणून बोलावणं ते आवतण. ऐकायला गोड वाटतं पण जुळत नाही, एक तर मग पुढचं 'तण' कुठून आलं ते सांगता येत नाही, आणि दुसरं म्हणजे जुन्या छापील पुस्तकांत, जुन्या कोशांत हा शब्द 'आंवतण' असा लिहिलेला असायचा, आ वर टिंब देऊन. ते टिंब शोभेचं नव्हतं. गांव, नांव, आंवळा, जांवई यांच्यावर जे टिंब होतं तेच ते, मूळच्या म ची खूण, म गेला पण नाकातला आवाज मागं ठेवून गेला. १९६२ साली मराठी साहित्य महामंडळाचे शुद्धलेखनाचे नियम आले (आधी चौदा, मग १९७२ मधे आणखी चार, असे अठरा) आणि ज्या अनुस्वारांचा उच्चार होत नाही ते काढून टाकले. शाळेतल्या पोरांची त्या टिंबांपासून सुटका झाली ते चांगलंच झालं, ती परत आणा असं माझं म्हणणं नाही. पण कोकणात, गोव्यात जाऊन गांव, नांव कसं म्हणतात ते कान देऊन ऐका, तो नाकातला आवाज अजून जिवंत आहे. आणि टिंब गेल्यावर या शब्दांचं कूळ नुसतं बघून ओळखता येईनासं झालं हेही खरं आहे, म्हणून तर 'आओ'वाल्या व्युत्पत्त्या निघतात.

शेजारच्या भाषांचंही बघण्यासारखं आहे. हिंदीतला न्योता आणि गुजरातीतलं नोतरुं हे दोन्ही 'निमन्त्रण'च्या घरातले. मराठीनं 'आ'वाला धरला, त्यांनी 'नि'वाला. आता संस्कृतात या दोघांत फरक होता आणि तो बारीक होता. पाणिनीच्या एका सूत्रात निमन्त्रण आणि आमन्त्रण हे दोन्ही शब्द शेजारी शेजारी येतात, मग टीकाकारांना सांगावं लागलं की दोन का. त्यांनी सांगितलं की निमन्त्रण म्हणजे टाळता येत नाही असं बोलावणं, आणि आमन्त्रण म्हणजे तुमची मर्जी, आलात तर या. त्यातल्याच भट्टोजी दीक्षित या व्याकरणकारांनी तर निमन्त्रणाचं उदाहरणच श्राद्धाच्या जेवणाचं दिलंय, तिथं मुलीच्या मुलानं यायलाच लागतं. आमन्त्रणाचा आणखी एक जुना अर्थ म्हणजे नुसती हाक मारणं, पाणिनी संबोधनाला 'आमन्त्रित' म्हणतो ते त्यावरूनच.

आणि आता आपल्या आवतणाचा अर्थ बघा. शब्द आला आमन्त्रणातून, म्हणजे मर्जीवाल्या बोलावण्यातून, पण खेड्यात तो नेमका निमन्त्रणाच्या अर्थाला जाऊन बसला. आवतण आलं आणि गेलं नाही तर ते मनाला लागायचं, वर्षानुवर्षं लक्षात राहायचं, भावकीत त्यावरनं बोलणं बंद व्हायचं. आणि आवतण नसेल तर सख्ख्या भावाच्या घरी कार्य असलं तरी माणूस पंगतीला बसायचा नाही, "आवतणाबिगर कसं जायचं" म्हणून. पुन्हा हाक मारण्याचा तो जुना अर्थ पण कुठंतरी शिल्लक राहिलाच, कारण आवतण लिहून कधी आलं नाही, ते दारात उभं राहून मोठ्यानंच यायचं. कोशात 'जेवणाचे बोलावणे' एवढं लिहिलं की हे सगळं सुटून जातं.

यातली दुसरी बाजूही लिहिलीच पाहिजे, नाहीतर मी नुसतं जुनं ते सोनं करतोय असं होईल. आवतण सगळ्यांना सारखं नव्हतं. गावकुसाबाहेरच्या माणसांना ते कसं सांगितलं जायचं, त्यांची पंगत केव्हा आणि कुठं बसायची, कुणाला पंगत नाहीच, नुसतं उरलेलं वाढून न्यायचं, हे ज्यांनी भोगलं त्यांनी आपल्या आत्मकथनांतून सांगितलंय. आणि दारोदार आवतण सांगत फिरणारा माणूस ते काम हौसेनं करत नव्हता, ते त्याच्या जातीवर लादलेलं होतं. ती रीत गेली ते योग्यच झालं. पण रीत जाणं वेगळं आणि शब्दाला मागासपणाचा शिक्का मारणं वेगळं, उलट शब्दाची नीट नोंद केली, कोण सांगायचं, कुणाला सांगायचं, कुणाला नाही, हे त्याच्यासोबत लिहून ठेवलं, तर तो सगळा इतिहास पण राहील.

मराठीला ३ ऑक्टोबर २०२४ ला अभिजात दर्जा मिळाला, आनंद सगळ्यांनाच झाला, मलाही झाला. तो मिळवताना आपण काय पुरावे दिले, तर प्राकृतातल्या गाथा, लेण्यांमधले आणि घाटातले शिलालेख, भाषा किती जुनी आहे त्याचे पुरावे. मग ज्या शब्दात संस्कृत ते प्राकृत ते मराठी हा सगळा प्रवास आख्खा दिसतो, टप्प्याटप्प्यानं, बोट ठेवून दाखवता येतो, तो शब्द आपल्या रोजच्या पेपरात 'बिघडलेला' म्हणून छापला जावा हे पटत नाही. शिलालेखाला कुंपण घालता येतं. ऐंशी वर्षांच्या म्हातारीच्या तोंडातला शब्द तिच्याबरोबर जातो, आणि तो टिपून घ्यायला फोनमधल्या रेकॉर्डरपलीकडं काही लागत नाही.

दाते-कर्वे यांच्या महाराष्ट्र शब्दकोशाच्या वेळी, म्हणजे १९३२ ते १९३८ या काळात, शब्दापुढं तो कोकणातला का वऱ्हाडातला का गोव्याकडचा हे छोट्या खुणा करून नोंदायची पद्धत होती. आजही तो कोश उघडला की या खुणा वाचत बसावं असं वाटतं. आता राज्य मराठी विकास संस्था आणि पुण्याचं डेक्कन कॉलेज यांनी मिळून बोलींचं सर्वेक्षण केलंय, गावोगावच्या लोकांचं बोलणं रेकॉर्ड करून ते इंटरनेटवर सगळ्यांना ऐकायला ठेवलंय, हे फार मोलाचं काम आहे, पण त्याच्या बातम्या किती आल्या? तुमच्यासारख्या पेपरांनी त्यातलं रविवारी थोडंथोडं जरी दिलं तरी लोक वाचतील, लोकांना हे वाचायला आवडतं, फक्त 'गमतीदार गावरान शब्द' असल्या हेडिंगखाली देऊ नका.

तेव्हा माझी विनंती एवढीच की पुढच्या एखाद्या रविवारी त्या चौकटीची दुरुस्ती छापावी. 'आवतण : जेवणाचे बोलावणे. संस्कृत आमन्त्रण, प्राकृत आमंतण यातून आलेला मराठी शब्द' असं दोन ओळीत होईल. आणि डेंग्यूच्या हेडिंगमधे वापरता तसा कधी सामुदायिक विवाहाच्या, यात्रेच्या भंडाऱ्याच्या बातमीतही तो वापरा, 'पंचक्रोशीला भंडाऱ्याचं आवतण' असं हेडिंग वाचायला मला तरी फार आवडेल.

बाकी वाचकांनाही विचारायचं आहे. आमच्याकडं आवतण, आवताण दोन्ही चालतं, वऱ्हाडात ण चा न होतो तेव्हा तिकडं आवतन. पण चूलबंदला तुमच्याकडं काय म्हणतात? घरटी एकला काय? ताट वाढल्यावरची ती दुसरी हाक तुमच्या गावात होती का, तिला वेगळं नाव होतं का? ज्यांच्या घरात हे सांगू शकणारं कुणी असेल त्यांनी विचारून पेपरकडं लिहावं, गावाचं आणि तालुक्याचं नाव घालून, आणि संपादकांनी ते जसंच्या तसं, शुद्धलेखन न सुधारता छापावं.

कळावे,
आपला नियमित वाचक,
माण तालुका, जि. सातारा